लूप गेला

आमच्या घरात डालड्याचा एक रिकामा डबा होता, त्यात फिल्मचे तुकडे असायचे. आप्पा तालुक्याच्या गावातल्या टॉकीजमध्ये ऑपरेटर. आमच्याकडे पिक्चर यायचा तो मोठ्या शहरांत झिजून, जिल्ह्याच्या गावी घासून, मग. चालता चालता रीळ तुटायचं. खाली शिट्ट्या सुरू, वर केबिनमध्ये आप्पांची घाई. फाटक्या दोन-चार चौकटी कापायच्या, ब्लेडने मसाला खरवडायचा, फिल्म चिकटवायचं सिमेंट लावायचं, दाबून धरायचं, जोड धरला की मशीन चालू. कापलेले तुकडे सदऱ्याच्या खिशात जायचे. रात्री सदरा खुंटीला लागला की खिसा रिकामा करायचं काम माझं.

त्या तुकड्यांचं काय करायचं, हे त्या वेळच्या पोरांना शिकवावं लागत नसे. गेलेला बल्ब घ्यायचा, त्याची मागची टोपी हळूच फोडून आतलं सगळं काढायचं आणि पाणी भरायचं. झालं भिंग. धाकटा भाऊ अंगणात आरसा धरून उभा. खोलीत अंधार, दाराच्या फटीतून आलेला कवडसा, कवडशात फिल्म, पुढे बल्ब आणि समोर दोरीवर आप्पांचं धोतर. धोतरावर हिरॉईन उलटी लटकायची. फिल्म उलटी धरली की ती सुलटी होते, हे आम्हाला लवकरच कळलं. पण खरी गंमत वेगळीच होती. बल्बमधलं पाणी हललं की तिचा चेहरा लाटेसारखा वाहत जायचा, भाऊ कंटाळून आरसा हलवायला लागला की सगळा रंग धोतरभर सांडायचा. मला ती सरळ दिसण्यापेक्षा अशी विस्कटतानाच जास्त आवडायची. ‘नीट धर की रे’ असं मी भावाला ओरडायची खरी, पण ते मनापासून नसायचं.

पुढे शिकायला पुण्यात आले. १९८७-८८ ची गोष्ट असेल. एका फिल्म सोसायटीने साठच्या दशकातल्या अमेरिकन लघुपटांचा कार्यक्रम ठेवला होता. सोळा एमएमचा प्रोजेक्टर प्रेक्षकांच्या मधोमध टेबलावर, खुर्च्या वीस-बावीस, त्यातल्या निम्म्या रिकाम्या. पत्रकावर ‘सायकेडेलिक’ असा शब्द होता, त्यामुळे काही जण भलत्याच अपेक्षेने आले असावेत. पहिल्या पाच मिनिटांत दोघं उठून गेले. मी मात्र खुर्चीच्या कडेला सरकून बसले होते. पडद्यावर काहीतरी तपकिरी, पारदर्शक, शिराशिरांचं फडफडत होतं. आवाज नाही, संगीत नाही, फक्त प्रोजेक्टरची करकर. आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो ऑपरेटरच्या पोरीचा: अरे, गेटमध्ये पाखरू अडकलंय.

पावसाळ्यात आमच्या टॉकीजच्या केबिनमध्ये हे नेहमी व्हायचं. कार्बनच्या कांड्या पेटल्या की त्या उजेडाला पाखरं यायची. एखादं गेटमध्ये, म्हणजे फिल्म उजेडासमोरून जाते त्या फटीत, भिंगापाशी घुसलं की पडद्यावर हत्तीएवढं पंख मारताना दिसायचं. खाली हशा, वर आप्पांच्या तोंडी शिवी आणि हातात काडीला गुंडाळलेला कापूस.

पुण्यात पाहिलेली ती फिल्म खरंच पाखरांची होती. स्टॅन ब्रॅकेजची ‘मॉथलाइट’, १९६३ सालची, जेमतेम चार मिनिटांची. ब्रॅकेज तेव्हा कोलोरॅडोच्या डोंगरात बायकोपोरांसह राहत होता आणि फिल्म विकत घ्यायला त्याच्याकडे पैसे नव्हते. घरातल्या दिव्यांवर येऊन मेलेली पाखरं त्याने गोळा केली. पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन पट्ट्या घेतल्या, सोळा एमएम रुंदीच्या, आणि त्यांच्या मध्ये पंख, फुलांच्या पाकळ्या, गवताची पाती दाबून बसवली. कॅमेरा वापरलाच नाही. मग ही पट्टी लॅबमध्ये छापून घेतली. पंख काही चौकटी मोजून थांबत नाही. तो एका चौकटीतून पुढच्या चौकटीत, तिथून तिसरीत पसरलेला असतो. म्हणून पडद्यावर त्याचे तुकडे एकामागून एक झपाट्याने येतात, आणि मेलेलं पाखरू पुन्हा फडफडल्याचा भास होतो.

त्या संध्याकाळी मनात जे सुरू झालं ते अजून संपलेलं नाही. ब्रॅकेजसारख्या या लोकांच्या फिल्म मी नंतर जमेल तशा, जमेल तिथे पाहत गेले. दर वेळी एकच गोष्ट दिसायची. आप्पांनी आयुष्यभर जे दोष म्हणून पडद्यावरून हाकलले, तेच या मंडळींनी भांडवल म्हणून वापरले होते. ओरखडा, कचरा, लुकलुक, जोड, चौकटीवर चढलेली चौकट. आप्पांच्या डालड्याच्या डब्यात जे पडायचं, त्याचीच यांनी फिल्म केली.

‘सायकेडेलिक’ हा शब्द तसा दवाखान्यातून आलेला. हम्फ्री ऑस्मंड नावाच्या मानसोपचारतज्ज्ञाने १९५६ मध्ये तो घडवला, अर्थ साधारण ‘मन उघडं करून दाखवणारं’. एलएसडी तेव्हा संशोधनाचा विषय होती. कॅलिफोर्नियात तिच्यावर बंदी आली ती ऑक्टोबर १९६६ मध्ये, म्हणजे सगळी धमाल ऐन भरात आली तेव्हा. त्यामुळे या लघुपटांचं नाव निघालं की लोकांना गोळी आठवते, लांब केस आठवतात, आपल्याकडे हणजूणचा किनारा आठवतो. मी स्वतः महाशिवरात्रीला एकदा आत्याच्या घरी भांगेचा अर्धा पेला प्यायले होते, आणि त्यात मला दिसलं ते एवढंच की स्वयंपाकघर फार लांब आहे. या फिल्म पाहायला ती तयारीही लागत नाही. बहुतेकांच्या मागे नशेपेक्षा कात्री, चिकटपट्टी आणि रिकामा खिसा जास्त आहे.

खिशाचं गणित सांगते. त्या काळी हौशी माणसाचा लाडका कॅमेरा म्हणजे किल्लीचा बोलेक्स. बॅटरी नको, वीज नको. किल्ली पूर्ण पिळली की साधारण २८ सेकंद चालतो, मग पुन्हा पिळायची. शंभर फुटांचं रीळ घातलं की सेकंदाला २४ चौकटींच्या हिशेबाने पावणेतीन मिनिटांत संपतं. विकत घ्यायचं, धुऊन घ्यायचं, छापून घ्यायचं, तीन वेळा पैसे. पण बोलेक्समध्ये एक सोय होती: फिल्म मागे गुंडाळता यायची. म्हणजे एकदा टिपलेल्या पट्टीवरच पुन्हा दुसरं काही टिपायचं. रेल्वेच्या डब्यावर फूल, फुलावर धूर. एका रिळाच्या पैशांत दोन-तीन रिळांचा ऐवज. त्या काळच्या फिल्ममध्ये चित्रावर चित्र चढलेलं इतकं का दिसतं, याचं निम्मं उत्तर मला या काटकसरीत सापडतं.

रेल्वेचा डबा मी उगाच नाही म्हटला. ब्रूस बेली नावाच्या माणसाने १९६६ साली ‘कॅस्ट्रो स्ट्रीट’ केली, दहा मिनिटांची. कॅलिफोर्नियातल्या रिचमंड गावात तेलाचा कारखाना आणि त्याच्या बाजूचं रेल्वेचं यार्ड, एवढाच विषय. चौकटीचा एक भाग झाकून दुसरा टिपायचा, मग उलटं, अशा युक्तीने त्याने डबे, नळ, धुराडी, रुळांकडेचं गवत एकमेकांत असं विरघळवलंय की यार्डाचं देऊळ झालंय. याच बेलीने त्याच वर्षी एक फिल्म केली ती याहून साधी: एक कुंपण, कुंपणावर गुलाब, कॅमेरा हळूहळू कडेने सरकतो आणि शेवटी वर आभाळात जातो. तीन मिनिटं, एकच सलग शॉट, मागे एला फिट्झजेराल्डचं गाणं. ती सायकेडेलिक आहे का, असं कोणी विचारलं तर मी हो म्हणेन आणि पुरावा मागू नका म्हणेन.

बेली ज्या गावात राहायचा त्याचं नाव कॅनियन, ओकलंडच्या पूर्वेच्या डोंगरांत. १९६१ मध्ये त्याने घराच्या परसात लष्कराच्या भंगारातला पडदा बांधला आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांना बोलावून फिल्म दाखवायला लागला. त्यातून कॅनियन सिनेमा नावाची संस्था उभी राहिली, ती आजही फिल्म भाड्याने देते. माझी लेक फ्रीमाँटला असते. तिकडे गेले होते तेव्हा हट्टाने कॅनियनला नेलं तिने. वळणावळणाचा रस्ता, ताडमाड रेडवूडची झाडं, पोस्ट ऑफिस, शाळा. बस. लेक म्हणाली, ‘आई, एवढ्यासाठी आलो आपण?’ मला मात्र झाडांमध्ये पडदा बांधायची जागा हेरायची होती. आमच्याकडे जत्रेला तंबूची टॉकीज यायची, आप्पा सुरुवातीला तिच्यावरच होते. वारा कुठून येतो ते पाहून पडदा बांधायचा असतो, नाहीतर तो पोटात वारा भरून फुगतो आणि हिरो जाडा दिसतो. बेलीलाही ते कळलंच असणार.

आता ठिपक्यांकडे येते, कारण मला सगळ्यात जवळचं वाटतं ते तिथेच.

आई दिवाळीत ठिपक्यांची रांगोळी काढायची. एकवीस ते अकरा, पंधरा ते आठ अशी मापं. ठिपके सरळ रेषेत यावेत म्हणून तिच्याकडे एक जाड कागद होता, त्याला पेटत्या उदबत्तीने भोकं पाडलेली. कागद जमिनीवर ठेवायचा, वरून रांगोळी पसरायची, हाताने फिरवायची, कागद अलगद उचलायचा. खाली ठिपके तयार. ते भोकं पाडायचं काम दुपारभर चालायचं. एक भोक हललं तर सगळी रांग वाकडी.

जेम्स व्हिटनी या माणसाने लॉस एंजेलिसमध्ये हेच केलं. पाच बाय सात इंचांची कार्डं घेतली आणि त्यांना टाचणीने भोकं पाडत बसला. हजारो ठिपके, एका कार्डापासून दुसऱ्या कार्डापर्यंत किंचित सरकलेले. त्यांतून ठिपक्यांचे आकार उमटवून, एकेक चौकट टिपून त्याने फिल्म केली. काही वर्षं गेली त्यात. १९५७ मध्ये ती पुरी झाली, नाव ‘यंत्र’. मी ती पाहिली तेव्हा आईला फोन करावासा वाटला, पण सांगणार काय? की अमेरिकेत एक गृहस्थ होते, त्यांची रांगोळी हलते?

त्याची पुढची फिल्म ‘लॅपिस’, १९६६ ची. इथे ठिपके हलवायला यंत्र आलं, पण तेही भंगारातलं. जेम्सचा भाऊ जॉन याने महायुद्धातल्या विमानविरोधी तोफेला नेम धरून देणारं एम-५ नावाचं यंत्र लष्कराच्या जुन्या सामानातून मिळवलं होतं. येणारं विमान पुढच्या क्षणी कुठे असेल याचं गणित दांडे आणि चक्रांनी करणारं ते धूड. त्याने ते उघडून, जोडून, वळवून चित्रं फिरवणारं यंत्र केलं. विमान पाडायचं गणित आता ठिपक्यांची फुलं उमलवायला लागलं. फिल्मला संगीत रविशंकरांच्या सतारीचं आहे. मध्यभागातून ठिपके उगवतात, कडेला जाऊन विरतात, पुन्हा उगवतात. दहा मिनिटं. आमच्या आईच्या भाषेत सांगायचं तर एकही ठिपका चुकलेला नाही.

सॅन फ्रान्सिस्कोत जॉर्डन बेल्सन होता. १९५७ ते ५९ मध्ये त्याने तिथल्या तारांगणात हेन्री जेकब्ज या संगीतकाराबरोबर प्रकाश आणि ध्वनीचे कार्यक्रम केले, आणि नंतर घरी बसून फिल्म करत राहिला. त्याचं यंत्र म्हणजे एक्स-रेचा जुना स्टँड, त्याभोवती प्लायवूडची चौकट, फिरणारी टेबलं, कमी-जास्त वेगाच्या मोटारी, कमी-जास्त होणारे दिवे. चित्रं कशी काढली ते तो सहसा सांगायचा नाही. पाहताना वाटतं आकाशगंगा आहे, मग वाटतं डोळा मिटल्यावर पापणीआड दिसतं ते आहे. १९६७ च्या फिल्मचं नाव ‘समाधी’. हा माणूस खरंच योग करायचा, म्हणून त्याला माफ. बाकी त्या काळात यंत्र, मंत्र, मंडल, ॐ हे सगळं ज्या सढळ हाताने वाटलं गेलं ते पाहून हसू येतं. आपल्याकडे कॅलेंडरवर असतात तेवढे देव त्यांच्या फिल्ममध्ये सापडतील. खुद्द रविशंकरांना आपली सतार नशेला जोडली जाते याचा त्रास व्हायचा, आणि ते तसं उघड बोलायचेही.

बाईमाणूसही होती यात, आणि ती मला विशेष आवडते. स्टॉर्म डी हर्श, न्यूयॉर्कची कवयित्री. तिला चलच्चित्र करायचं होतं आणि कॅमेरा नव्हता. घरात जुनी न वापरलेली फिल्म पडलेली, आवाजाच्या टेपची काही रिळं, टाकून दिलेली शस्त्रक्रियेची हत्यारं आणि एक स्क्रूड्रायव्हर. या अवजारांनी तिने फिल्मवर आणि टेपवरही थेट कोरलं, कापलं, रंगवलं. ती फिल्म १९६४ ची. ओरखडा ही आप्पांची सर्वांत मोठी डोकेदुखी. प्रिंट परत करताना तिच्यावर नवा ओरखडा निघाला की वितरकाच्या माणसाशी वाद ठरलेला. आणि ही बाई स्क्रूड्रायव्हर घेऊन बसलीय. हॅरी स्मिथ नावाचा एक अवलिया तर तिच्या आधीपासून फिल्मवर गोल चिकट टिकल्या लावायचा, वरून रंग फवारायचा, मग व्हॅसलीन फासून टिकल्या काढायचा आणि पुन्हा दुसरा रंग. मेणबत्तीने कागदावर लिहून वरून पाण्याचा रंग फिरवला की अक्षरं कोरी राहतात, तो शाळेतला खेळ. तोच, फक्त नखाएवढ्या चौकटीत आणि हजारो वेळा.

नुसता उजेड, एवढ्यावरही फिल्म झालीय. हे समजायला ऑपरेटरच्या केबिनमध्ये बसायला हवं. फिल्म सेकंदाला २४ चौकटी चालते. एक चौकट जाऊन दुसरी येईपर्यंत शटर उजेड अडवतं, नाहीतर पडद्यावर सगळं फरफटलेलं दिसेल. पण सेकंदाला २४ वेळा उजेड-अंधार झाला तर डोळ्याला लुकलुक जाणवते. म्हणून शटर प्रत्येक चौकट दोनदा दाखवतं, ४८ वेळा उजेड होतो आणि डोळा फसतो. म्हणजे पिक्चर पाहताना आपण बराच वेळ अंधारातच बसलेलो असतो, आणि ते आपल्याला कळू न देणं हे मशीनचं काम. टोनी कॉनरॅड, हार्वर्डला गणित शिकलेला, त्याने १९६६ साली हा पडदा बाजूला केला. ‘द फ्लिकर’मध्ये अर्धा तास फक्त काळ्या आणि कोऱ्या चौकटी आहेत, वेगवेगळ्या मात्रांत मांडलेल्या. सुरुवातीला पाटी येते: फेफऱ्याचा त्रास असणाऱ्यांना यातून धोका होऊ शकतो, डॉक्टर हजर ठेवा. थोड्या वेळाने काळ्या-पांढऱ्यात रंग दिसायला लागतात. जांभळा, मग पिवळसर, कडेने फिरणारी चक्रं. फिल्मवर एकही रंग नाही. ते रंग पाहणाऱ्याच्या डोळ्यामागे तयार होतात. मी ती पुरी पाहिलेली नाही. अकराव्या मिनिटाला उठून बाहेर आले आणि चहा घेतला. आवडली नाही असं नाही, पण मळमळलं.

आणि ब्रूस कॉनर. त्याच्यावर वेगळा लेख लिहायला हवा. १९५८ सालची ‘अ मूव्ही’, म्हणजे हिप्पी उगवायच्या आधीची, बारा मिनिटांची. यातलं जवळपास काहीच त्याने टिपलेलं नाही. स्वस्तात मिळणारी जुनी रिळं आणून तोडून जोडली: काऊबॉय, मोटारींचे अपघात, पाणबुडी, अणुबॉम्ब. पाणबुडीतला माणूस दुर्बिणीतून पाहतो, समोर बिकिनीतली बाई, तो पाणतीर सोडतो, आणि पाण्यातून स्फोटाचा ढग वर येतो. प्रेक्षक हसतो आणि मग हसल्याबद्दल ओशाळतो. पण मला हलवलं ते वेगळ्याच गोष्टीने. त्याने फिल्मच्या तोंडाला असतात ते उलट मोजणीचे आकडे, ‘समाप्त’ची पाटी, असं सगळं मधेच घातलंय. हे आकडे फक्त ऑपरेटरसाठी असतात. प्रेक्षकाला ते दिसले तर ऑपरेटरची चूक. आप्पा ते कधी दिसू द्यायचे नाहीत. चौकटीच्या उजव्या कोपऱ्यात ठिपका चमकला की दुसरं मशीन चालू करायचं, दुसरा ठिपका आला की उजेड या मशीनवरून त्या मशीनवर. पब्लिकला पत्ताही लागत नसे. ‘अ मूव्ही’मध्ये ते आकडे भर मांडवात येऊन नाचतात.

हाच कॉनर पुढे अणुयुद्धाच्या धास्तीने आणि स्वस्ताईच्या आशेने मेक्सिकोला गेला. तिथे अळंब्या शोधत फिरण्याची जी चित्रं त्याने काढली, त्यांत सॅन फ्रान्सिस्कोची मिसळून १९६७ मध्ये ‘लुकिंग फॉर मश्रूम्स’ झाली. तीन मिनिटांत इतकी चित्रं की एकेक ओळखेपर्यंत चार निसटतात. माझ्या मते या सगळ्या काळाची एकच फिल्म ठेवायची झाली तर ही. एलएसडीचे प्रचारक टिमथी लीअरीही त्यात क्षणभर दिसतात. दिसतात म्हणजे, पापणी लवली नाही तर.

सगळंच काही ग्रेट नाही, हेही लिहून ठेवते. यातल्या पुष्कळ फिल्म कंटाळवाण्या आहेत. रंगीत तेल-पाण्याचे बुडबुडे पाच मिनिटांनंतर रंगीत तेल-पाण्याचे बुडबुडेच राहतात. केनेथ अँगरच्या फिल्ममधले सैतान आणि मुखवटे मला फार भरजरी वाटतात, लग्नाच्या हॉलसारखे. आयरा कोहेनने न्यूयॉर्कमधल्या आपल्या जागेत मायलारचे चकचकीत प्लास्टिक कागद लावून एक खोली केली आणि त्या कागदांत वितळणारी माणसांची प्रतिबिंबं टिपून १९६८ मध्ये फिल्म केली, ती मात्र आवडते. कारण ती थेट आमच्या पाण्याच्या बल्बची बहीण आहे.

आणि मग आपल्याकडचं. आपल्याकडे ही गोष्ट परसात झाली नाही, मुंबईत पेडर रोडवरच्या सरकारी कचेरीत झाली. फिल्म्स डिव्हिजनच्या डॉक्युमेंटरी मेन पिक्चरच्या आधी लावणं कायद्याने सक्तीचं होतं. पब्लिक तेव्हा बाहेर बिडी ओढत किंवा भज्यांच्या गाड्यावर. त्या ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’मध्ये पूर, धरणं, परदेशी पाहुणे आणि कुटुंबनियोजनाचा लाल त्रिकोण असायचा. पण साठच्या दशकाच्या उत्तरार्धात तिथे प्रमोद पती नावाचा एक माणूस काम करत होता. ओडिशाचा, प्रागला जाऊन कळसूत्री बाहुल्यांचं ॲनिमेशन शिकून आलेला. त्याने १९६८ मध्ये ‘एक्सप्लोरर’ केली. सात मिनिटं, काळी-पांढरी. नाचणारी पोरं, देवांची चित्रं, प्रयोगशाळेतली उपकरणं, सगळं धक्क्याधक्क्याने, डोळ्यांवर आदळणारं. संगीताची बाजू बासरीवाले विजय राघव राव सांभाळायचे, आणि तिथे बासरी सोडून सगळं ऐकू येतं. त्याच वर्षी पतीने कुटुंबनियोजनाचीही अशीच चक्रावून टाकणारी फिल्म केली. १९७२ मध्ये चित्रकार आबिद सुरतींना एकेक चौकट हलवत, माणसाचीच बाहुली करून ‘आबिद’ केली. १९७५ मध्ये तो गेला, जेमतेम त्रेचाळिशीत. मुंबईतच, नेपियन सी रोडवर, अकबर पदमसींनी १९६९ मध्ये शिष्यवृत्तीच्या पैशांतून कलावंतांसाठी कार्यशाळा उघडली होती आणि तिथे फिल्मही झाल्या. त्यांच्या एका फिल्मची एकुलती एक प्रत हरवली ती हरवलीच. पण मला पतीची गोष्ट जास्त चकवते. सॅन फ्रान्सिस्कोतल्या कोणालाही असा प्रेक्षक मिळाला नाही. पतीची फिल्म कायद्याने देशभरातल्या टॉकीजमध्ये जाऊ शकत होती. भज्यांचा पुडा हातात घेऊन लवकर आत आलेल्या माणसासमोर.

गेल्या दिवाळीत आप्पांना टॅबवर काही दाखवत होते. शहाऐंशी वर्षांचे आहेत, मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन दोन्ही डोळे नवे. आधी ‘मॉथलाइट’ लावली. शांतपणे पाहिली. संपल्यावर एकच प्रश्न: ‘पंख घालून पट्टी जाड होत असंल. गेटात अडकली नाही ती?’ इतक्या लोकांनी त्या फिल्मवर लिहिलंय, हा प्रश्न मी कुठेच वाचला नव्हता. छापून घेतलेली प्रत चालवतात म्हटल्यावर मान डोलावली, पण छापताना तरी अडकली असणार, यावर ठाम राहिले.

मग ‘एक्सप्लोरर’ लावली. अर्ध्या मिनिटात ते पुढे झुकले.

‘थांबव. लूप गेला.’

‘आप्पा, टॅबला लूप नसतो.’

‘अगं बाई, चित्र नाचतंय ना. लूप गेलाय.’

लूप म्हणजे गेटच्या वर आणि खाली फिल्मला सोडलेला सैल बाक. फिल्म गेटमध्ये धक्क्याने सरकते आणि रिळावरून मात्र सलग येते, तो फरक हा बाक पोटात घेतो. बाक गेला की चित्र थरथरतं आणि फिल्म फाटायची वेळ येते. मी सांगितलं, बिघडलेली नाही, केलीच अशी आहे. ते गप्प झाले. मग म्हणाले, ‘अशी एक आलती. सरकारी. तू रांगत असशील नाहीतर नुकती चालायला लागली असशील. दोनदा मशीन बंद केलं मी. गेट उघडून बघितलं तर लूप जागच्या जागी. मॅनेजर वर आले पळत, खाली लोक बाकं वाजवत होते. मला वाटलं प्रिंट खराब. तर दुसऱ्या खेळालाही तेच. आठवडाभर लावली मग तशीच. लावावीच लागायची.’

ती हीच होती की हिच्यासारखी दुसरी, ते त्यांना छातीठोकपणे सांगता येईना. देवाचं चित्र होतं एवढं आठवत होतं, पण देवाचं चित्र कुठल्या फिल्ममध्ये नसतं.

‘पुन्हा लाव,’ म्हणाले.

मी लावली. ते टॅबकडे पाहत होते, आणि उजव्या हाताची दोन बोटं मांडीवर किंचित वर उचलून धरलेली होती, खालच्या लूपची सैल तपासताना धरायचे तशी. सात मिनिटं तशीच होती.